रशियन, जर्मन आणि साडेनऊ किलो गूळ

नीलिमाला न विचारताच तिच्या सासऱ्यांनी, म्हणजे आण्णांनी, विहाराच्या फळ्यावर खडूनं लिहून टाकलं होतं: 'रविवार, सायंकाळी पाच. विषय: नीती आणि श्रद्धा, एक रशियन कादंबरीकार व एक जर्मन तत्त्वज्ञ. वक्त्या: सौ. नीलिमा राजरत्न बनसोडे, बी. ए. (तत्त्वज्ञान).' त्यातल्या 'बी. ए.'खाली दोन रेघा होत्या.

वर्षावासाचे, म्हणजे पावसाळ्यातले, तीन महिने दर रविवारी विहारात कुणीतरी बोलायचं, अशी कुपवाड रोडच्या त्या वसाहतीची पद्धत. मागच्या रविवारी एका निवृत्त मास्तरांनी अंधश्रद्धेवर पावणेदोन तास घेतले होते. निम्मे श्रोते ध्यानाला लागले होते, असं आण्णांनी घरी येऊन सौम्य शब्दांत सांगितलं, आणि पुढं म्हणाले, "आपल्या घरात फिलॉसॉफीची पदवी नुसती कपाटात पडून आहे. बाहेर काढू या."

पदवी कपाटात होती हे खरंच. साताऱ्याच्या कॉलेजातून ती घेऊन नीलिमा सांगलीला नांदायला आली, वर्षात पायल झाली, आणि तेव्हापासून तिचं सगळं तत्त्वज्ञान पायलच्या छातीला कान लावून बसलं होतं. पोरगी झोपली की नीलिमा तिचे श्वास मोजायची. मिनिटाला किती, हातातलं घड्याळ बघून. नवरा राजरत्न कुपवाडच्या कारखान्यात लेथवर होता. तो म्हणायचा, "अगं, मशीन पण आम्ही महिन्यातनं एकदाच चेक करतो."

"मशीनला न्यूमोनिया होत नाही," ती म्हणायची.

राजरत्न मग डबा घेऊन शिफ्टला निघायचा. कारण पायलला तो झाला होता. पायल चार महिन्यांची, नीलिमा माहेरी साताऱ्याला, आणि एका संध्याकाळी पोरीच्या बरगड्या आत ओढल्या जाऊ लागल्या. दवाखान्यात सहा दिवस काढले. शेजारच्या खाटेवर म्हसवडची एक म्हातारी आपल्या नातवाला घेऊन बसलेली. नातवाचं नाव धुळा, त्यामुळं साऱ्या वॉर्डात तिचं नाव धुळाची आजी. तिसऱ्या दिवशी डॉक्टर पायलकडं बघून काही न बोलता गेले, तेव्हा म्हातारीनं नीलिमाचा दंड धरला. "बाय माझे, बोल की नवस. आमच्या सिद्धनाथाला बोल. वजनाइतका गूळ दीन म्हण."

आणि नीलिमा म्हणाली. मोठ्यानं म्हणाली.

तिच्या आजोबांनी छप्पन साली दीक्षा घेतलेली. तिनं स्वतः शाळेच्या गॅदरिंगमध्ये बावीस प्रतिज्ञा पाठ म्हणून बक्षीस मिळवलेलं. देवाला मानणार नाही, पूजा करणार नाही, हे तिनं दहाव्या वर्षी माइकवर सांगितलं होतं. आणि चोविसाव्या वर्षी, एका ओल्या फडक्याचा पिळा हातात धरून, 'देईन, वजनाइतका देईन' असं म्हणाली होती. पोरगी दोन दिवसांनी हसली. इंजेक्शनं चालूच होती, हेही तितकंच खरं. पण आता पायल चौदा महिन्यांची झाली तरी तो नवस कुणाला सांगितलेला नव्हता आणि फेडलेलाही नव्हता. पोरगी शिंकली की नीलिमाच्या मनात यायचं: सिद्धनाथ मागायला तर नाही ना आला? आणि लगेच स्वतःचीच लाज वाटायची: कोण येणार, गाढवे, तूच तर म्हणतेस कुणी नाही म्हणून.

अशा बाईला नीती आणि श्रद्धेवर बोलायचं होतं.

गुरुवारी दुपारी ती टिपणं काढत बसली होती. जर्मनाची दोन पानं झाली होती, रशियनाचं पहिलं पान पायलनं अर्धं खाल्लं होतं. एवढ्यात सासू, जाईबाई, पोस्टकार्ड घेऊन आली. सासूला ती आत्या म्हणायची, सांगलीकडच्या रीतीप्रमाणं.

"बघ गं कुणाचं हाय. म्हसवडाचा शिक्का हाय म्हणत हुता पोस्टमन."

नीलिमानं कार्ड घेतलं. कुणाकडून तरी लिहून घेतलेलं, ठसठशीत अक्षर. 'सौ. नीलिमाताईस धुळाच्या आजीचा आशीर्वाद. धुळा आता पळतो. तुझी पोर बरी असेल. बाई, नवस बोलून वर्ष होत आले. वजनाइतका गूळ कधी आणतेस? देव काही घाई करत नाही, पण माझं वय झालं, मी साक्षीला आहे तोवर ये.'

"काय म्हणतीया?" जाईबाईनं विचारलं.

"दवाखान्यातली आजी आहे," नीलिमा म्हणाली. "ख्यालीखुशाली विचारलीय. धुळा पळायला लागला म्हणे. आणि... पाऊस बरा आहे तिकडं."

"त्या माणाच्या दुस्काळी मुलखात पाऊस बरा?" जाईबाई म्हणाली. "नवलच की."

कार्ड टिपणांत गेलं. ते नेमकं त्या पानाखाली गेलं, जिथं नीलिमानं सकाळीच स्वच्छ अक्षरात लिहिलं होतं: 'जर्मन तत्त्वज्ञाच्या मते खोटे बोलणे हे कोणत्याही परिस्थितीत, अगदी दुसऱ्याच्या भल्यासाठीही, समर्थनीय नाही.'

संध्याकाळी भाकरी थापता थापता जाईबाईनं विषय काढला. नीलिमा मेथी निवडत होती आणि पायल निवडलेली मेथी परत देठांत मिसळत होती.

"ते तुजं दोघं कोण गं, रविवारचं? आण्णा गल्लीभर सांगत फिरत्यात."

"एक जर्मन होता, आत्या. दोनशे वर्षांपूर्वीचा. तो म्हणायचा, माणसानं चांगलं वागायचं ते देवाच्या भीतीनं नाही, स्वर्गाच्या आशेनं नाही. बरोबर आहे म्हणून वागायचं. बास."

"बराय की. आनि राहायला कसा हुता?"

"शिस्तीचा. आपलं गाव सोडून फारसा कुठं गेला नाही. रोज ठरल्या वेळेला फिरायला निघायचा. लोक त्याच्यावर घड्याळं लावायचे."

जाईबाईचा थापणारा हात थांबला. "आगं, मग ह्ये आमचं आण्णाच की!"

नीलिमाला हसू फुटलं. आण्णा मिरज रेल्वेत पॉइंट्समन, म्हणजे रुळांचे सांधे बदलणारे, होते. निवृत्त होऊन सहा वर्षं झाली, तरी सव्वापाचला फिरायला आणि साडेसहाला चहाला, यात सांधा कधी चुकला नाही.

"लेकरं किती त्याला?"

"लग्नच नाही केलं."

"आगं बया." जाईबाईनं भाकरी तव्यात टाकली. "मग काय जातंय त्याचं बोलायला! आनि देवाला काय मानायचाच न्हाई व्हय?"

"तसं नाही. म्हणजे नीती आधी, तिला देवाचा आधार लागत नाही, असं त्याचं म्हणणं. पण शेवटी शेवटी थोडी जागा ठेवली त्यानं देवाला. कामाला नाही, नुसती आशेपुरती."

"म्हंजी पेन्शनीत काढला."

"तसंच काहीसं," नीलिमा म्हणाली, आणि हे वाक्य टिपणांत घ्यावं की काय असा विचार क्षणभर तिच्या मनात आला.

"आनि दुसरा?"

"दुसरा रशियन. त्याचं सगळं उलटं. कर्ज, जुगार, तुरुंग, फिट्स यायच्या. त्याचं म्हणणं, देवावरची श्रद्धा काढून घेतली की माणसाला अडवायला काय राहिलं? नुसत्या डोक्यानं नीती टिकत नाही, काळजात काहीतरी लागतं. पण तो नुसता भजन करणारा नव्हता. त्याच्या कादंबऱ्यांतली माणसं देवाशी भांडतात. लहान पोरांना का दुखतं म्हणून जाब विचारतात."

"त्याला हुती लेकरं?"

"चार. दोन गेली." नीलिमाचा आवाज बारीक झाला. "पहिली मुलगी तीन महिन्यांची होती. छातीत सर्दी झाली तिला."

जाईबाईनं तव्यावरची भाकरी उलटली, निखाऱ्यावर धरली, फुगू दिली. मग म्हणाली, "त्यानं नवस बोलला असंल का गं?"

"कुणास ठाऊक. असेल."

"आनि जर्मनाला इचारलं, की बाबा, एका बाईनं पोरीसाठी नवस बोलला, आनि सासूला पत्र वाचून दावताना म्हसवडात पाऊस पाडला, तर त्यो काय म्हनंल?"

नीलिमाच्या हातातली मेथी तशीच राहिली.

"तीन महिनं साक्षरतेच्या वर्गाला गेलीया मी," जाईबाई म्हणाली. "लय न्हाई येत. जोडाक्षर अडतंय. पण 'नवस'ला कुठं जोडाक्षर हाय? 'गूळ'ला कुठं हाय? दारात हुभं राहून दोन येळा वाचलं."

"आत्या..."

"रडू नगंस, मेथीत मीठ मी घालनार हाय."

नीलिमा रडता रडता हसली, मग नुसतीच रडली. पायलनं मेथीचा देठ आईच्या गालाला लावून बघितला. जाईबाईनं चुलीपासून हात काढून पदराला पुसले आणि ती जवळ येऊन बसली.

"ऐक. राजरत्नाच्या आदी मला एक पोरगी झाली हुती. तुला ठावं न्हाई. आण्णा बोलत न्हाईत त्यावर. गोवर उलटला. शेजारनी म्हनल्या, देवीला नवस बोल. मी बोलले न्हाई. शब्द दिला हुता मी, दीक्षेत. ओठापतूर आलं हुतं, पर बोलले न्हाई." ती थांबली. "बोलले असते तर पोर वाचली असती, असं मला वाटत न्हाई. पर बोलले न्हाई म्हनून छाती फुगवून सांगावं, असं बी वाटत न्हाई. तू बोललीस, मी न्हाई बोलले. दोघी आयाच. त्या रशियनाला कळंल ह्ये. जर्मनाचं मला ठावं न्हाई."

डोळे पुसत नीलिमानं विचारलं, "आण्णांना सांगणार?"

"मी? मला काय गरज पडलीया? तुजं हाय, तू सांग." आणि उठता उठता पुन्हा जुन्या सुरात, "पर बाई, पाडायचाच हुता तर पाऊस महाबळेश्वरात तरी पाडायचा. म्हसवडात कुनाला पटंल?"

रविवारी विहारात चाळीसेक माणसं होती. आण्णा पहिल्या ओळीत, पांढऱ्या सदऱ्यात, घड्याळ मनगटावरून काढून मांडीवर ठेवलेलं. राजरत्न पायलला घेऊन दाराशी. त्रिशरण झालं, पंचशील झालं. चौथ्या शीलाला, खोटं न बोलण्याच्या, नीलिमाचा आवाज बाकीच्यांच्या आवाजात लपून गेला.

ती बरी बोलली. जर्मनाचं सांगितलं तेव्हा आण्णांनी तीनदा मान डोलावली. ठरल्या वेळेच्या फिरण्याचं सांगितलं तेव्हा बायकांच्या बाजूनं खसखस पिकली आणि सगळ्यांनी आण्णांकडं बघितलं. आण्णांना ते कौतुकच वाटलं. मग ती रशियनावर आली, त्याच्या तुरुंगावर, त्याच्या गेलेल्या मुलीवर, आणि तिथं जरा अडखळली. नेमकं तेव्हाच मागून बुद्धभूषणनं हात वर केला. हा राजरत्नच्याच कारखान्यातला, वादाला पक्का.

"वहिनी, सगळं छान. पण दोघांत बरोबर कोण, तेवढं एक वाक्यात सांगा. माझी सेकंड शिफ्ट आहे."

हशा झाला. नीलिमानं टिपणाकडं बघितलं. शेवटच्या पानावर एक वाक्य तयार होतं, गोल, गुळगुळीत, परीक्षेत पाच गुण मिळवून देणारं. ते तिनं वाचायला घेतलं आणि वाचलं नाही.

"मला नाही सांगता येणार," ती म्हणाली. "कारण... पायल आजारी होती तेव्हा मी सिद्धनाथाला नवस बोललेय. वजनाइतका गूळ. तो फेडावा तर प्रतिज्ञा मोडते. न फेडावा तर मला भीती वाटते. आणि इथं उभं राहून नीतीला देव लागत नाही असं मी सांगतेय. ते मला खोटं बोलल्यासारखं वाटतंय."

सगळ्या माना आण्णांकडं वळल्या. नीलिमाला फक्त आण्णांचा चेहरा दिसत होता, आणि त्या चेहऱ्यावर काहीच दिसत नव्हतं. ते उठले. घड्याळ मनगटावर चढवलं.

"केव्हा बोललीस?"

"मागच्या भाद्रपदात. सातारला."

"वजन किती होतं तेव्हा?"

"पाच किलो."

"आता?"

"साडेनऊ."

"बोलताना 'आजचं वजन' म्हणालीस, की 'फेडताना असेल ते'?"

"तसं काही... नुसतं 'वजनाइतका' म्हणाले."

"मोघम," आण्णा नापसंतीनं म्हणाले. रेल्वेत चौकशी समितीपुढं साक्ष चालावी तसा त्यांचा सूर लागला होता. "बरं. कुणाला बोललीस? देवाला?"

"हो."

"देव आहे?"

"नाही," नीलिमा म्हणाली, आणि जरा घाईनं म्हणाली.

"मग ऐकलं कुणी?"

ती गोंधळली. "धुळाच्या आजीनं."

"मग वचन तिला दिलंय," आण्णा म्हणाले. "ती आहे. जिवंत आहे. वाट बघत असेल."

बुद्धभूषण उभाच राहिला. "आण्णा, ही पळवाट झाली! बावीस प्रतिज्ञांचं काय?"

"प्रतिज्ञा पूजा न करण्याची आहे. ती आम्ही करणार नाही. त्याच बावीसांत खोटं बोलणार नाही हीसुद्धा आहे. ती मोडायची परवानगी तुला कुणी दिली, सांग." बुद्धभूषण बसला नाही. "मग पुढच्या रविवारी मी बोलणार यावर," असं बजावून तो शिफ्टला गेला. मागं वाद पेटला तो सात वाजेपर्यंत. कुणी म्हणालं सुनेनं माफी मागावी, कुणी म्हणालं कसली माफी, पोर वाचली ना. एक म्हातारी पुन्हा पुन्हा एवढंच विचारत होती, की रशियनाची दुसरी दोन लेकरं तरी जगली का. जगली, असं नीलिमानं तिला जवळ जाऊन सांगितलं.

घरी येताना आण्णा पुढं आणि नीलिमा एक पाऊल मागं. सभेत धीट बोललेला माणूस आता मात्र खाली बघून चालत होता.

"वर्षभर मनात ठेवलंस," ते म्हणाले.

"भीती वाटायची."

"सिद्धनाथाची?"

"त्याचीही थोडी," नीलिमा म्हणाली. "जास्त तुमची."

आण्णा थांबले. मग पुन्हा चालू लागले. कोपऱ्यावरच्या दिव्याखाली आल्यावर म्हणाले, "मी एवढा जर्मन आहे का गं?"

मागून येणारी जाईबाई म्हणाली, "त्याच्याहून. त्यानं निदान लगीन तरी केलं न्हाई."

पुढच्या शनिवारी चौघं आणि पायल, विटा-दिघंची करत एस.टी.नं म्हसवडला गेली. दहा किलोची ढेप आण्णांनी सांगलीच्या पेठेतून स्वतः निवडून आणली होती आणि वाटभर पायाशी धरली होती. नीलिमा खिडकी उघडायची, बंद करायची. पोरीला वारा लागतोय, पोरीला उकडतंय. राजरत्ननं शेवटी खिडकीशेजारची जागाच बदलून घेतली.

धुळाची आजी दारातच होती. देवळामागच्या गल्लीत तिचं दोन खणांचं घर. तिनं पायलची अलाबला घेतली, धुळाला ओढून आणून दाखवला, चहा टाकला. आण्णांनी आधी कप बघितला, घरच्या माणसांच्या हातात तेच कप आहेत हे बघितलं, मग घेतला. शेजारच्या वाण्याचा मोठा तराजू ओट्यावर आडव्या वाशाला टांगला गेला. एका पारड्यात पायल, एकात गूळ.

ढेपेचं पारडं खाली गेलं.

"आसूं द्या," आजी म्हणाली. "दोन घास जास्त."

"अजिबात नाही," आण्णा म्हणाले. "वजनाइतका बोललोय. कमी दिला तर लबाडी. जास्त दिला तर भक्ती. दोन्ही आम्हाला चालत नाही." आणि ओट्यावर मांडी घालून वाण्याच्या सुऱ्यानं ते ढेपेचे तुकडे काढू लागले. एक खडा काढला, काटा हलला. पुन्हा अर्धा ठेवला. समोरच्या पारड्यातला एक खडा पायलनं हात लांबवून उचलला आणि तोंडात घातला.

"आता गं?" जाईबाई म्हणाली. "तिकडचा कमी झाला आनि हिकडचा वाढला. करा हिशेब."

आण्णा खरंच विचारात पडले. गल्लीतली माणसं जमली. कुणी म्हणालं गुळाला ओल असती, वजन घटतंय. कुणी म्हणालं पोरीच्या पायातले वाळे काढा. राजरत्न लेथवर सुताचा फरक धरणारा, तो खाली बसून काट्याच्या सरळीत डोळा लावून बघत होता. आणि एका क्षणी दोन्ही पारडी अशी थांबली, की पायललाही ते कळलं असावं. ती हलायची थांबली.

"झालं," आण्णा म्हणाले. कपाळाचा घाम पुसून ते उभे राहिले. "आजी, हा गूळ तुमचा. आमच्या सुनेनं तुम्हाला दिलेला शब्द पुरा झाला. तुम्ही खा, वाटा, कुठंही न्या. आमचं काही म्हणणं नाही."

म्हातारीला यातलं काय कळलं आणि काय नाही, ते तिच्या सुरकुत्यांतून दिसलं नाही. तिनं परात भरली. "मग चला की. देवळात वाटू या. चार पावलावर हाय."

नीलिमानं पायलला पारड्यातून उचलून घेतलं. हाच तो क्षण होता, ज्याला ती वर्षभर भीत होती. आण्णा आकाशाकडं बघत होते. जाईबाई तिच्याकडं बघत होती. गुळानं चिकट झालेली पायल तिच्या खांद्याला चिकटून होती, जड, गरम, जिवंत.

"आजी," ती म्हणाली, "मी आत नाही आले तर... तर चालेल का? आम्ही जात नाही."

तिला वाटलं, म्हातारी आता काहीतरी बोलेल. देवाचा कोप, पोरीचं नशीब, काहीतरी.

"न जायला काय झालं, नगा जाऊ," धुळाची आजी म्हणाली. "पर लेकराला घिऊन उनात कशाला हुभी ऱ्हातीस? त्या निंबाखाली सावलीत बस. मी सांगते त्याला, आल्याती, भाईर बसल्याती."

परात डोक्यावर घेऊन ती चालू लागली. तेवढ्यात आण्णा घाईनं दोन पावलं तिच्या मागं गेले.

"आजी, माझं नाव तेवढं नका सांगू."

म्हातारी वळलीसुद्धा नाही. "आवं, तुमचं नाव मला तरी कुठं ठावं हाय?"